नकाशात नसलेली खोली

"खिडक्या किती तुमच्या?" आगवाल्याने विचारलं.

"सात. सहा खऱ्या, एक खोटी," धाकटी म्हणाली.

"खोटी कुठली?"

तिने नकाशावर पेन्सिल टेकवली. वरचा मजला, डावा कोपरा. त्याने नकाशा बघितला, मग मान वर करून बंगला बघितला, मग पुन्हा नकाशा. जाडजूड, सावकाश माणूस. सरकारी आग विझवण्यात आयुष्य गेलेलं आणि निवृत्तीनंतर सिनेमावाल्यांच्या आगी लावून देण्याचं काम.

"सकाळी त्या खिडकीला पडदा ओढलेला होता," तो म्हणाला. "आता बाजूला सारलेला आहे. खोट्या खिडकीचा पडदा कोण सारतंय, बाई?"

धाकटीने वर बघितलं. पडदा खरंच सारलेला होता. आणि तो पडदा तिने लावलेलाच नव्हता.

सकाळचे अकरा वाजले होते. मोकळ्या मैदानात तिचा बंगला उभा होता. प्लाय, लाकूड, प्लास्टर, पाठीमागे बांबू आणि लोखंडी नळ्यांचा सांगाडा. चार वाजता तो पेटवायचा होता. परवानगी आजच्या सहापर्यंतचीच, उद्यापासून वारा सांगितलेला. पाच कॅमेरे लागलेले. जळलेलं घर पुन्हा जाळता येत नाही, त्यामुळे जे काही व्हायचं ते एकदाच. आणि पाटीवर 'कलादिग्दर्शन' या शब्दापुढे पहिल्यांदाच तिचं एकटीचं नाव होतं. अकरा वर्षं ती बापाच्या मागे टेप धरून फिरली. वर्षापूर्वी बापाला झटका आला, त्याचा उजवा हात गेला, आणि काम तिच्याकडे आलं. बापाचा हात पडला म्हणून पोरीचा हात वर आला, असं लोक म्हणाले. लोकांना म्हणायला काय जातं? रात्र रात्र जागून बंगला काढला होता तिने.

"चला, बघू," ती म्हणाली.

जिना चढून वरच्या चौकात आलं की डाव्या हाताला एक दार. नकाशात त्या दारापुढे तिच्याच अक्षरात लिहिलेलं: खोटं दार, मागे काही नाही. असली दारं मागून चार इंची खिळ्याने ठोकून टाकायची असतात. कुठल्याही सेटवर ठोकतात. पण मास्तरांच्या, म्हणजे तिच्या बापाच्या, सेटवर भिंतीला रंग लागायच्या आधी, जिन्याला कठडा लागायच्या आधी, पहिलं काम हेच व्हायचं. का, ते सगळ्यांना माहीत होतं आणि कुणी बोलत नव्हतं.

धाकटीने मूठ फिरवली. दार उघडलं. करकरलंसुद्धा नाही. बिजागऱ्यांना तेल दिलेलं होतं.

आत खोली होती. नऊ बाय दहा. पलंग, टेबल, खुर्ची, कपाट, आरसा.

सेटवरची खोली खोटारडी असते, हे तिच्याइतकं कुणाला ठाऊक? ड्रॉवर म्हणजे नुसती फळी चिकटवलेली. पुस्तकं म्हणजे कापलेल्या पाठी. कॅमेऱ्याला जे दिसत नाही ते बनवायचंच नाही, हा या धंद्याचा पहिला धडा. तिने टेबलाचा ड्रॉवर ओढला. तो उघडला. आत अर्ध्या झालेल्या पेन्सिली, एक चष्म्याचं घर, गोळ्यांची पाकिटं, त्यातल्या चार गोळ्या घेतलेल्या. दिव्याच्या बटणाजवळ भिंतीवर बोटांचा मळ होता, आणि तो जरा वर होता, उंच बाईचा हात जिथे पडेल तिथे. पलंगाखाली चपला. डाव्या चपलेची टाच बाहेरच्या अंगाला झिजलेली. नवी वस्तू घासून, मळवून वापरलेली करणं हे तिच्या रोजच्या कामातलं. चप्पल दोन तासांत म्हातारी करता येते. पण ही झीज चालीची होती. कुणीतरी डाव्या पायावर भार देऊन वर्षानुवर्षं चाललेलं. फणीत लांब केस होते, त्यातले दोन पांढरे.

साडेतीन दशकं जगलेल्या बाईची खोली होती ती. नक्की सांगायचं तर सदतीस वर्षं. धाकटीने हिशेब केला नाही. तो आपोआप झाला.

पलंगाच्या कडेवर तिचे वडील बसले होते. निकामी हात मांडीवर ठेवलेला, झोपलेल्या मांजरासारखा.

"चप्पल बाहेर काढ," मास्तर म्हणाले. मग आगवाल्याला, "तुम्हीपण."

आणि गंमत बघा, त्या माणसाने मुकाट्याने बूट काढले.

"बाबा, हे काय आहे?"

"खोली."

"नकाशात नाहीये ही."

"नकाशात कधीच नसते."

"कधीच म्हणजे?"

मास्तरांनी डाव्या हाताने उशीचा अभ्रा सरळ केला. उशीला खळगा होता.

"चार वाजता पेटवायचंय," धाकटी म्हणाली. आवाज शांत ठेवायचा म्हणून तिने दातावर दात धरले होते.

"पेटवा ना. मी कुठं नको म्हणतोय? आधी ही उतरवून घ्या. काकाला सांगितलंय मी. सुटे सुटे भाग आहेत, अडीच तासांत उतरतील. ट्रकमध्ये घालून घरी न्यायची."

"हिच्यावर आता समोरची भिंत टेकलीय. ही काढली तर भिंत बाहेर पडेल. कॅमेऱ्यांवर पडेल. गॅसच्या नळ्या बसवून झाल्यात, बाबा."

"मग मी बसलोय इथं."

आगवाल्याने घसा खाकरला. "मास्तर, तुमचे सिनेमे बघून मोठा झालो मी. पाया पडतो तुमच्या. पण माणूस आत असताना मी काडी ओढू देणार नाही. तुम्ही आत तर आग बाहेर."

"मी एकटा नाही आत," मास्तर म्हणाले.

आगवाल्याने मोजल्यासारखी खोलीत नजर फिरवली. मग बूट न घालताच तो जिना उतरला, बूट हातात घेऊन.

*

काका बंगल्याच्या मागे नळ्यांच्या सांगाड्याखाली उभा होता. तो इथेच असणार हे धाकटीला माहीत होतं. चूक केली की काका नेहमी आपल्याच कामाच्या मागे जाऊन उभा राहतो.

"किती?" तिने विचारलं.

"काय किती?"

"खोल्या, काका. मला खुळ्यात काढू नकोस."

काकाने कानामागची पेन्सिल काढली, परत ठेवली. एकसष्ट वर्षांचा सुतार, आणि पुतणीच्या नजरेला नजर देता येईना. "बावीस," तो म्हणाला.

"बावीस! दर सिनेमात?"

"जवळजवळ. अठरा सिनेमे पडद्यावर आले, एक हा. तीन मध्येच बंद पडले. पण खोली झालेली असायची."

"तो जंगलातला सिनेमा? त्यात एकसुद्धा घर नव्हतं!"

"झाडावर बांधली. ती तेव्हा दहाची. आवडायचंच तिला तसलं." बोलता बोलता काकाचं तोंड उगाच हसरं झालं. "बारावं लागल्यावर आरसा लावला. अठराला वसतिगृहाची खोली केली, भिंतीला दोन खुंट्या, शेजारणीची खाट वेगळी. मधली दोन वर्षं ती नोकरीला परगावी होती, तेव्हा नुसतं अंथरूण अन् बॅग. मग परत आली."

"होती? परत आली?"

काका दचकला. "म्हणजे दादा म्हणायचा तसं."

"आणि तू बांधायचास."

"मी नाही बांधणार तर कोण बांधेल?"

"तूच का?" तिने विचारलं. एकतीस वर्षं काका या एका प्रश्नाची वाट बघत होता, आणि घरात कुणी विचारतच नव्हतं. न विचारणं ही माफी असते असं त्यांना वाटत असेल. काकाला ती शिक्षा वाटायची.

"खिळा माझ्या तोंडात होता," तो म्हणाला. "असा, ओठात धरलेला. जिन्यावर होतो. वरचं खोटं दार तेवढं ठोकायचं राहिलेलं. खालून हाक आली, चहा आला म्हणून. मी उतरलो. चहा प्यायला खिळा तोंडातून काढला तेव्हा लक्षात आलं की अरे, हा तर ठोकायचाय. अन् तेवढ्यात..." त्याने हाताने वरपासून खालपर्यंत रेघ ओढली. "थोरली सहा वर्षांची. बंगला बघायला आलेली. तुला वहिनींनी कडेवर घेतलेलं, तू दोनची. ही तुरुतुरु जिना चढली. दारावर टकटक केली. मी ऐकली ती टकटक. आत कुणी असेल म्हणून विचारून मग दार उघडलं पोरीने. शहाणी होती ना. दारामागे खोली नव्हती."

वारा अजिबात नव्हता. तरी वर कुठेतरी एक दार हलकेच लागल्याचा आवाज आला.

"दादा मला एक शब्द बोलला नाही," काका म्हणाला. "तेराव्या दिवशी कामावर आला अन् म्हणाला, यापुढे प्रत्येक दारामागे खोली बांधायची."

"प्रत्येक दारामागे नाही. एकाच."

"एकाच," काकाने कबूल केलं.

धाकटीने घड्याळ बघितलं. बारा वाजून गेले होते. "आईला घेऊन ये. तू स्वतः गाडी घेऊन जा. एकतीस वर्षं तिने कुठल्या सेटवर पाऊल ठेवलं नाही, आणि हे बाबा तिच्या पाठीमागे असले खेळ मांडून बसलेत. ती कान धरून खाली आणेल त्यांना."

"वहिनींना नको."

"का?"

"नको म्हणतो ना."

"काका, चारला हे घर पेटलं नाही तर मी परत आयुष्यभर दुसऱ्याची टेप धरणार. कळतंय का तुला? बाबांचं झालं सगळं करून. माझं आज आहे."

काका तिच्याकडे बघत राहिला. तिच्या खांद्यांकडे. ही पोर उभी राहिली की हुबेहूब तशीच, फक्त थोडी बुटकी, असा विचार त्याच्या मनात आला आणि तो स्वतःलाच घाबरला. कशासारखी? कुणापेक्षा बुटकी? त्याने मोठी झालेली कधी बघितलंय तिला?

तो किल्ल्या खिशात चाचपत गाडीकडे गेला.

*

आई पावणेदोनला आली. काकाच्या गाडीतून उतरली, बंगल्याकडे एकदा बघितलं आणि कुणाला काही न विचारता जिन्याकडे चालू लागली. दिग्दर्शक, पस्तिशीचा उत्साही माणूस, पुढे झाला, "आई, आमच्यासाठी मोठा दिवस..." ती त्याच्या बाजूने निघून गेली. लोक म्हणतील उद्धट. म्हणोत. तिला पायऱ्या मोजायच्या होत्या. चौदा. त्या वेळीही चौदाच होत्या. नवऱ्याने लेकीला जिना कसा काढायचा हेही बरोबर शिकवलं होतं.

वर येऊन तिने दारावर दोनदा टकटक केली. मग आत गेली.

खोली तिने आज पहिल्यांदा बघितली. पण कपडे तिचे होते.

हे धाकटीला माहीत नव्हतं. काकाला माहीत होतं, कारण पिशवी तोच न्यायचा. दर सिनेमाच्या सुरुवातीला, जेवणं झाल्यावर, नवरा शिवणयंत्रावर एक चिठ्ठी ठेवून जायचा. चिठ्ठीत नाव नसायचं. उंची, खांदा, छाती, बाही. बस. ती शिवायची. इस्त्री करून पिशवीत घालायची. एकतीस वर्षांचा संसार त्या बावीस चिठ्ठ्यांवर चालला. तोंडाने ते दोघं भाजी, दूध आणि धाकटीचं शिक्षण एवढंच बोलायचे. प्रेम होतं का? असं कुणी विचारलं असतं तर तिने विचारणाऱ्याला घराबाहेर काढलं असतं.

तिने कपाट उघडलं. सगळे कपडे ओळीने टांगलेले. निळा झगा, करड्या रंगाचा कोट, घरात घालायचे दोन सैल अंगरखे. तिने शिवले तेव्हा कोरे होते. आता कोपरं विरली होती, गळ्याच्या काठाला घाम बसला होता. कपडे जुने करायला सेटवरचे लोक चहाच्या पाण्यात बुडवतात, हे तिला ऐकून माहीत होतं. तिने कोटाची बाही नाकाला लावली. चहाचा वास नव्हता. माणसाचा होता.

"सुधारलात तुम्ही," ती नवऱ्याला म्हणाली. "वाससुद्धा आणलात."

"कपड्यांना मी हात लावत नाही," मास्तर म्हणाले. "कपडे तुझे."

तिने कोट उजेडाकडे धरला. तिसरं बटण. तिने काळ्या दोऱ्याने लावलेलं, तिला पक्कं आठवत होतं. आता तिथे तपकिरी दोरा होता. बटण तुटलं असेल, कुणीतरी परत लावलं असेल. तिने उलटी बाजू बघितली. गाठ डावीकडे मारलेली होती. चाळीस वर्षं सुई धरलेल्या बाईला उजव्या हाताची गाठ आणि डाव्या हाताची गाठ न बघता, नुसत्या बोटाला कळते.

ती पोर डावखुरी होती. सहाव्या वर्षापर्यंत हातावर फटके देऊनही सुधारली नव्हती. फटके कुणी दिले होते? तिनेच.

नवऱ्याचाही आता डावाच हात चालत होता. ती गोष्ट तिच्या मनात आली. तिने ती बाजूला ठेवली, नको असलेलं भांडं फळीवर मागे सरकवावं तशी.

"दुपारची गोळी घेतली?" तिने विचारलं.

"नाही."

"खाली जा. काकाच्या गाडीत डबा आहे, दोन घास खा आणि गोळी घ्या. मी बसते."

"एकटी?"

आईने त्याच्याकडे बघितलं. मास्तर लहान मुलासारखे उठले आणि भिंतीला हात लावत बाहेर गेले. तिने कोट परत टांगला आणि पलंगाच्या कडेवर बसली. अगदी कडेवर, मध्ये जागा सोडून.

*

बाबा जिना उतरताना दिसले तशी धाकटीने सुटकेचा श्वास टाकला. बघितलं? आई म्हणजे आई. तिने हात वर करून आगवाल्याला खूण केली. वाजले होते तीन. मग तिने विचारलं, "आई कुठाय?"

"वर," मास्तर म्हणाले. "ती बसलीय."

पायऱ्या चढताना तिचे कान तापले होते. दार उघडंच होतं.

"आई, ऊठ."

"चप्पल काढून ये. ओरडू नकोस."

"आई, तुला माहीत होतं?"

आईने कपाटाकडे नुसती मान वळवली. उघड्या कपाटात बाह्या लोंबत होत्या. धाकटी पुढे गेली, एक अंगरखा ओढून अंगाला लावला. खांदा जवळजवळ बरोबर. बाही थोडी लांब.

काही गोष्टी माणसाला डोक्यात कळत नाहीत, अंगाला कळतात. दर वाढदिवसाला बाबा तिला भिंतीला पाठ लावून उभं करायचे. टाचा टेकव, हनुवटी वर. टेप लावायचे, खांदा, बाही, उंची, आणि खिशातल्या वहीत लिहून घ्यायचे. शाळेत ती मैत्रिणींना सांगायची, माझे बाबा माझं माप घेतात, राजकन्येचं घेतात तसं. वर्षातून तो एकच दिवस असा असायचा की ते पूर्ण पाच मिनिटं तिच्याकडे बघायचे.

मागे चाहूल लागली. मास्तर आणि काका जिन्याच्या तोंडाशी येऊन उभे होते.

"माप कुणाचं आहे हे?" तिने विचारलं. "बाबा, मी तुम्हाला विचारतेय."

"तुझंच," मास्तर म्हणाले. "दुसरं कुठून आणणार?"

सरळ उत्तर. त्यात दुखावण्याचा हेतूसुद्धा नव्हता. असता तर तिने शिवी दिली असती, वस्तू फेकली असती.

"पण ती तुझ्याहून दीड इंच उंच आहे," आई म्हणाली.

"आहे?" धाकटीने विचारलं.

काकाने मान खाली घातली.

"मी काय होते मग या घरात?" धाकटी म्हणाली. "नाही, सांगा ना. तेहेतीस वर्षं तुमच्या ताटात जेवले. मी मुलगी होते की टेप होते? एकीला वाढवायला दुसरी मोजून घेत होतात तुम्ही! आणि मी वेडी, पाठ ताठ करून उभी राहत होते, बाबा खूश होतील म्हणून."

"तुला खोली होती," आई म्हणाली. तिचा आवाज चढला नव्हता, आणि तेच असह्य होतं. "घरात. तुझी स्वतःची, खिडकीची. तिला कुठे होती? जिथे खोली असेल असं तिला वाटलं तिथे नव्हती. आता आहे तर तू जाळतेस."

"हो. जाळते. काका, तू सांग हिला."

काकाने तोंड उघडलं. एका बाजूला भावजय, एका बाजूला पुतणी, आणि मध्ये तो खिळा. "वहिनी," तो म्हणाला, "आज हिचा दिवस आहे. उठा तुम्ही."

एकतीस वर्षांत पहिल्यांदा तो त्यांच्या विरुद्ध बोलला होता. आईने त्याच्याकडे असं बघितलं की तो एक पायरी खाली उतरला.

खालून भोंग्यावर दिग्दर्शकाचा आवाज आला, "उजेड चाललाय! काय चाललंय वरती?" आगवाला अर्ध्या जिन्यापर्यंत येऊन थांबला. पुढे यायला तयार नव्हता. "तीन पस्तीस," तो एवढंच म्हणाला.

धाकटीने आईचा दंड धरून ओढून पाहिलं. आई दगडासारखी जड झाली होती. "तिला एकटीला सोडून मी येणार नाही. एकदा सोडलं होतं. तू कडेवर होतीस म्हणून सोडलं होतं."

असं. हे होतं तर. घरातली शेवटची गोष्टही बाहेर आली. आईचा हात तेव्हा मोकळा नव्हता, कारण तो धाकटीने अडवला होता.

तिला रडू आलं नाही. संतापाच्या पलीकडे एक थंड जागा असते, कामाची जागा. नट अडून बसला, भिंत कलली, रंग वाळला नाही, की ती तिथे जाऊन उभी राहायची. ती खोलीबाहेर आली. दार ओढून घेतलं. चपला काढल्या. मग दारावर दोनदा टकटक केली आणि दार पूर्ण उघडलं.

"ताई," ती म्हणाली.

हा शब्द तिने आयुष्यात कधी उच्चारला नव्हता. 

"ताई, चल बाहेर. घर पेटवायचंय. चप्पल घालून ये, खाली खिळे पडलेत." आणि जरा थांबून, "आई थांबलीय तुझ्यासाठी."

तिने दार धरून ठेवलं, जसं आपण पाहुण्यासाठी धरतो. कुणी हललं नाही. मग आईची नजर, जी पलंगावरच्या मोकळ्या जागेवर होती, हळूहळू वर आली. वर, आणखी वर, धाकटीच्या डोळ्यांहून दीड इंच वर जाऊन थांबली. आई उठली. दाराशी क्षणभर थांबून तिने कुणाला तरी पुढे जाऊ दिलं आणि मग स्वतः आली. मास्तर भिंतीला चिकटून उभे राहिले, वाट द्यायला. काकाही. जिन्यावर आई उजवीकडून उतरत होती आणि तिचा डावा हात अंगापासून जरासा लांब होता, बोटं किंचित मिटलेली. आगवाल्याने अंग चोरून घेतलं आणि मग स्वतःवरच चिडून कपाळ पुसलं.

पलंगाखाली चपला होत्या की नव्हत्या, हे धाकटीने बघितलं नाही. मागे वळून न बघता तिने दार लावलं.

*

चार वाजून बारा मिनिटांनी घर पेटलं.

आणि काय जळलं! खालच्या दिवाणखान्यातून सुरुवात, तिने आखली होती तशीच. मग जिना, मग एकेका खिडकीतून जीभ बाहेर. समोरची भिंत अकरा मिनिटं उभी राहिली. दहा सांगितली होती तिने. कोसळली तीही आतल्या बाजूला, जशी कोसळायला हवी तशी. दिग्दर्शकाने तिला मिठी मारली, कॅमेऱ्यामागचे लोक टाळ्या वाजवत होते, कुणीतरी तिचं नाव घेऊन ओरडलं. बापाने आयुष्यात इतकं चांगलं जळणारं घर बांधलं नव्हतं. हे ती स्वतःशी बोलली, मोठ्याने बोलली, आणि त्या आनंदात खोट नव्हती. तिने ते कमावलं होतं.

तोंडाला काजळी, हाताला भाजल्याचा फोड, अशी ती गाडीकडे आली तेव्हा घरचे बसले होते. काका चालवायला, बाबा शेजारी, आई मागे. बाबांनी खिडकीतून तिच्याकडे बघितलं आणि मान हलवली. छान झालं, असं. एवढी शाबासकी त्यांनी कुणाला दिली नव्हती. तिचा राग तेवढ्यावर अर्धा विरला. लाज नसते पोरांना.

तिने मागच्या दाराला हात घातला.

"जागा नाही," आई म्हणाली.

धाकटीने आत बघितलं. आई खिडकीशी बसली होती. बाकी सगळी सीट मोकळी.

"वहिनी, अहो, मागे..." काका म्हणाला.

"जागा नाही म्हटलं ना. तू तुझ्या लोकांच्या गाडीने ये, बाळा. सावकाश ये, तुझं आवरायचंही असेल." आई इतक्या मायेने तिच्याशी कित्येक वर्षांत बोलली नव्हती. तिने खिडकीतून हात बाहेर काढला. "तुझ्या कपाटाची किल्ली दे तेवढी."

"कशाला?"

"कपडे सगळे जळले ना तिचे. थोडे दिवस तुझे घालेल. तोकडे होतील, पण चालेल."

धाकटीने बाबांकडे बघितलं. ते समोर बघत होते. काका आरशात बघत होता, आणि आरशात जे दिसत होतं त्यावरून त्याची नजर हलत नव्हती. तो तिच्या बाजूने आता एक शब्द बोलणार नव्हता.

तिने किल्ली दिली. हात आपोआप पुढे झाला. बोलावलं तर तिनेच होतं.

गाडी सुरू झाली, दहा-वीस पावलं गेली आणि थांबली. धाकटी धावली. तिला वाटलं, आपल्यासाठी थांबली.

आई सीटवरून पलीकडे वाकली. तिने आपल्या बाजूचं नाही, पलीकडचं दार उघडलं, दारात अडकलेलं कपड्याचं टोक आत ओढून घ्यावं तसा हवेतून हात आत घेतला, आणि दार नीट लावलं.

मग गाडी गेली.